दार्ष्टान्तिकाची गंमत : लोककथा आणि आरंभीचे भारतीय सचेतनपट

अंबाजोगाईत जयंती नदीच्या काठी खडकात कोरलेले एक लेणे आहे. गाव त्याला हत्तीखाना म्हणते, कारण त्याच्या प्रांगणात दगडी हत्ती उभे आहेत. हे हत्ती तेथे कसे आले याला इतिहासाचे उत्तर वेगळे आणि लोककथेचे वेगळे. लोककथा सांगते की परळीच्या वैजनाथाशी योगेश्वरीचा विवाह ठरला होता. वऱ्हाड वाजतगाजत निघाले, पण मुहूर्त टळला आणि वऱ्हाडातली माणसे, जनावरे जिथल्या तिथे दगड झाली. देवी अविवाहित राहिली आणि इथेच राहिली.

चालते वऱ्हाड स्थिर कसे झाले ते ही कथा सांगते. ज्या कलेविषयी आम्ही येथे लिहिणार आहोत तिची वाट नेमकी उलटी आहे. आगकाडी, नाणे, कागदावरची रेघ अशा अचेतन वस्तू एकेका चित्रचौकटीमागे किंचित हलवायच्या आणि पडद्यावर त्यांना जिवंत करायचे. इंग्रजीतून आलेला ‘ॲनिमेशन’ हा शब्द आता मराठीत रुळला आहे. ‘सचेतनपट’ हा त्याला सुचवला गेलेला शब्द तितका रुळला नाही. तरीही अचेतनाला सचेत करण्याचा अर्थ त्यात स्वच्छ उतरतो, म्हणून आम्ही तोच वापरत आहोत.

भारतीय सचेतनपटांचा इतिहास सहसा ‘पहिले कोणी केले’ या प्रश्नाभोवती लिहिला जातो. साहित्याच्या अभ्यासकाला त्याहून वेगळा प्रश्न पडायला हवा. जगभर या कलेने आरंभीच लोककथेला हात घातला आणि तिच्याशी मनसोक्त खेळ केला. आपल्याकडे पंचतंत्र, जातके, बृहत्कथेची परंपरा आणि घरोघरच्या आजीच्या गोष्टी असा कथांचा अमाप साठा असताना हा खेळ कोणी, केव्हा आणि किती मोकळेपणाने खेळला? या प्रश्नाच्या उत्तरात आपण लोककथेला काय मानतो याचेही उत्तर दडलेले आहे.

दृष्टान्त आणि दार्ष्टान्तिक

विवेचनासाठी आम्हाला आपल्याच परंपरेतील एक चौकट उपयुक्त वाटते. महानुभाव पंथाच्या ‘दृष्टान्तपाठा’त केसोबासांनी चक्रधरस्वामींचे ११४ दृष्टान्त संकलित केले. त्यांची मांडणी त्रिपदरी आहे : सूत्र, दृष्टान्त आणि दार्ष्टान्तिक. सूत्र म्हणजे तत्त्ववचन, दृष्टान्त म्हणजे गोष्ट आणि दार्ष्टान्तिक म्हणजे त्या गोष्टीचे तत्त्वाला लावून दाखवणे. जातककथांतही वर्तमानातील प्रसंग, भूतकाळाची कथा आणि अखेरीस दोहोंची सांगड घालणारे ‘समोधान’ अशी जवळपास हीच रचना असते. इसापनीतीच्या शेवटचे तात्पर्य म्हणजे दार्ष्टान्तिकाचेच थोडे रोडावलेले रूप.

यातली गोष्ट मोकळी असते, दार्ष्टान्तिक तिला दाव्याने बांधते. कावळ्याचे घर शेणाचे आणि चिमणीचे मेणाचे ही कथा घ्या. तिचा जुना लिखित पुरावा ‘लीळाचरित्रा’त सापडतो; तेथे चिमणीच्या जागी साळुंकी आहे. म्हणजे किमान सातशे वर्षे ही कथा मराठीत फिरते आहे. पाऊस येतो, शेणाचे घर वाहून जाते, कावळा दार ठोठावतो आणि आतून एकामागून एक सबबी येत राहतात. सबबी किती, कोणत्या, दार अखेर उघडते की नाही, उघडल्यावर कावळ्याचे काय होते, हे घरोघरी बदलते. सांगणारीला वेळ असेल तर सबबी वाढतात आणि ऐकणाऱ्याला झोप आली असेल तर कमी होतात. तात्पर्य विचाराल तर कोणी नीटनेटकेपणाचे सांगेल, कोणी शेजारधर्माचे, आणि बहुतेक जणी काहीच सांगणार नाहीत.

मराठीत ‘कहाणी’ आणि ‘गोष्ट’ यांत जो भेद आहे तोही येथे लक्षात घेण्यासारखा आहे. कहाणी व्रताशी बांधलेली असते. ती ठरलेल्या दिवशी, ठरलेल्या शब्दांत, सुफळसंपूर्णतेच्या ठरीव समारोपासह सांगायची असते. तिच्यात बदल करणे म्हणजे व्रतात वैगुण्य आणणे. गोष्टीला असा धाक नसतो, बदल होत राहणे हीच तिची प्रकृती. आपल्या चित्रपटाने कहाणीचा मार्ग धरला की गोष्टीचा, असाही आमचा प्रश्न मांडता येईल.

तात्पर्याची थट्टा

पाश्चात्त्य सचेतनपटांनी काय केले ते थोडक्यात पाहू. रशियात लादिस्लाव स्तारेविच यांनी १९१३ मध्ये क्रिलोव्हच्या नीतिकथेवरून चतुर आणि मुंगी यांची गोष्ट मेलेल्या कीटकांच्या बाहुल्या करून चित्रित केली. कथा परिचित होती. आळशी चतुर पडद्यावर खराखुरा कीटक म्हणून हावभाव करू लागतो, हा नवा भाग होता. अमेरिकेत पॉल टेरी यांनी १९२१ पासून इसापच्या नावाने दर आठवड्याला एक याप्रमाणे लघुपटांची मालिका चालवली. प्रत्येकाच्या अखेरीस तात्पर्य येई, पण त्या तात्पर्याचा आधीच्या गोष्टीशी बहुधा काडीचाही संबंध नसे, आणि प्रेक्षक हसत तो याच विसंगतीला. दार्ष्टान्तिकाचे दावे सोडले गेले होते. नुसता खुंटा गंमत म्हणून शिल्लक ठेवला होता.

१९२२ मध्ये कॅन्सस सिटीत एका विशीतल्या तरुणाने ‘लाफ-ओ-ग्रॅम’ नावाच्या छोट्या कंपनीत सिंड्रेला, लाल टोपीवाली मुलगी, बूट घातलेले मांजर अशा परीकथांचे आधुनिक अवतार काढले. त्यांत परीकथेच्या राज्यात मोटारी धावतात आणि लांडग्याच्या जागी चक्क एक माणूस येतो. कंपनी १९२३ मध्ये बुडाली. तो तरुण, वॉल्ट डिस्नी, हॉलिवूडला गेला. १९३३ च्या त्याच्या ‘तीन डुकरां’त पहिली दोन पिले खाल्ली न जाता विटांच्या घरात आश्रय घेतात. घर कशाचे बांधले यावर जीव अवलंबून असण्याची ही कल्पना आपल्या शेणामेणाच्या घरांची सख्खी नातलग आहे हे वाचकांच्या लक्षात आलेच असेल. पुढे टेक्स ॲव्हरी यांच्या १९४३ च्या लघुपटात लांडगा, मुलगी आणि आजी ही पात्रेच बंड करतात : तीच ती गोष्ट किती वेळा सांगणार, असे निवेदकाला सुनावतात आणि कथा शहरातल्या नाइटक्लबात नव्याने सुरू होते.

यात परंपरेची विटंबना झाली असे म्हणणारे तेव्हाही असतील. आमच्या मते या थट्टेने एक महत्त्वाचे काम केले. पेरो आणि ग्रिमबंधू यांच्या पुस्तकांमुळे परीकथेला एकच अधिकृत रूप आल्यासारखे झाले होते. लघुपटांच्या टवाळीने ‘हिची आणखीही रूपे असू शकतात’ हे पुन्हा आठवून दिले. छापण्यापूर्वी सांगणाऱ्याला जी मोकळीक होती तिचाच एक अंश यंत्राच्या मार्गाने परत आला.

फाळके : चमत्कार आणि मौज

आपल्याकडे चित्रे दाखवत कथा सांगण्याची परंपरा चित्रपटाहून पुष्कळ जुनी आहे. पिंगुळीचे ठाकर चित्रकथी एकामागून एक चित्र पुढे धरून रामायण-महाभारतातील आख्याने लावीत. आमच्या मराठवाड्यातील पैठणच्या नावाने ओळखली जाणारी चित्रे याच परंपरेतली. अजिंठ्याच्या सतराव्या लेण्यात जातकांचे प्रसंग एकाच भिंतीवर सलग रंगवले आहेत आणि तेच पात्र पुन्हापुन्हा येते. पाहणाऱ्याचा डोळा सरकतो तशी कथा सरकते. अंबाजोगाईचे दासोपंत यांनी तर ‘पंचीकरण’ हा तत्त्वविचार सुमारे ४० फूट लांबीच्या पासोडीवर शब्द आणि आकृत्या यांच्या मेळाने उतरवला. कथा किंवा विचार लांब पट्टीवर उलगडायचा, ही कल्पना आपल्याला परकी नव्हती.

१८९० च्या दशकात कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धन यांनी ‘शांबरिक खरोलिका’ हा खेळ सुरू केला. काचेवर रंगवलेली चित्रे दिव्याच्या प्रकाशाने पडद्यावर टाकायची आणि काचा सरकवून त्यांत हालचालीचा भास निर्माण करायचा, असे त्याचे स्वरूप. ‘शांबरी’ म्हणजे माया, इंद्रजाल. नाव सार्थ होते. पण कथा पुराणांतल्याच होत्या.

या पार्श्वभूमीवर दादासाहेब फाळके (१८७०–१९४४) येतात. जे. जे. कलाशाळा, बडोद्याचे कलाभवन, छायाचित्रण, शिलामुद्रण असा त्यांचा प्रवास सर्वपरिचित आहे. ते जादूचे प्रयोगही करीत आणि त्यासाठी आपले आडनाव उलटे करून ‘प्रोफेसर केळफा’ म्हणवून घेत. १९१२ मध्ये इंग्लंडहून कॅमेरा आणल्यावर, भांडवल उभे करण्यासाठी त्यांनी जे दृश्य चित्रित केले ते कोणत्याही देवाचे नव्हते. कुंडीत वाटाणा पेरून त्याच्या वाढीच्या चौकटी रोज थोड्याथोड्या टिपल्या आणि महिनाभराची वाढ काही क्षणांत पडद्यावर दाखवली. एकेक चौकट टिपण्याचे तंत्र त्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’च्या (३ मे १९१३) आधीच हस्तगत केले होते, हा त्याचा अर्थ.

हेच तंत्र १९१५ च्या ‘आगकाड्यांची मौज’ मध्ये आले. पहिल्या महायुद्धामुळे कच्च्या फिल्मची टंचाई होती, मोठे चित्रपट करणे अवघड झाले होते. घरात सहज मिळणाऱ्या आगकाड्या घेऊन फाळक्यांनी त्यांना नाचवले. फ्रान्समध्ये एमिल कोल यांनी आगकाड्यांचे असे खेळ आधी केले होते. ‘लक्ष्मीचा गालीचा’ मध्ये नाणी हलू लागली आणि ‘विचित्र शिल्प’ मध्ये आकृत्या.

येथे एक गोष्ट आम्हाला फार बोलकी वाटते. फाळक्यांनी हालचालीची जादू दोन ठिकाणी वापरली आणि दोन्ही ठिकाणी तिचे प्रयोजन निराळे होते. ‘लंकादहन’ (१९१७) किंवा ‘कालियामर्दन’ (१९१९) यांतली करामत प्रेक्षकाने चमत्कार म्हणून स्वीकारावी अशी अपेक्षा होती. पडद्यापुढे हात जोडले जात. आगकाड्यांच्या पटात मात्र करामत करामत म्हणूनच समोर येते. प्रेक्षक हसतो, कारण हे खोटे आहे हे त्याला ठाऊक असते. ‘मौज’ हा शब्द शीर्षकातच आहे. चमत्कार देवांच्या वाट्याला आला आणि मौज काड्यांच्या. कथेशी खेळण्याची जागा या दोहोंच्या मध्ये कोठेतरी होती. तेथे कावळा, चिमणी, कोल्हा उभे राहू शकले असते. ती जागा तेव्हा रिकामी राहिली.

याला फाळक्यांचा कल तेवढा कारणीभूत नव्हता. १९१० च्या दशकात चित्रपट ही नवी, परकी आणि काहीशी संशयास्पद वस्तू होती. तिला प्रतिष्ठा मिळाली ती पुराणकथेमुळे. घराघरांतली बायकामुले चित्रगृहात आली ती देव पाहायला. अशा वेळी कहाणीचे गांभीर्य हे चित्रपटाचे ओळखपत्र होते. आजीच्या गोष्टीला अशी प्रतिष्ठा कधीच नव्हती. ती घरातलीच, मग तिच्यासाठी तिकीट कशाला काढायचे?

जंबूकाका

ती रिकामी जागा भरण्याचा प्रयत्न १९३४ च्या सुमारास झाला. १९३१ मध्ये ‘आलम आरा’ने बोलपट आणला; १९३२ मध्ये प्रभात फिल्म कंपनीने कोल्हापुरात ‘अयोध्येचा राजा’ हा मराठी बोलपट केला आणि १९३३ मध्ये कंपनी पुण्यास आली. विदेशी आवाजी कार्टूनपट तोवर येथील शहरांत पोचले होते. १९३४ मध्ये कलकत्त्यात न्यू थिएटर्सने गुणमय बॅनर्जी यांचा ‘द पी ब्रदर्स’ प्रदर्शित केला आणि त्याच वर्षी पुण्यात प्रभातचा ‘जंबूकाका’ आला. मोहन भवनानी यांचा ‘लफंगा लंगूर’ १९३५ चा. कलकत्त्याच्या पटात वाटाण्याचे दाणे आहेत, पण मुंबई-पुण्याकडच्या या दोन शीर्षकांत कोल्हा आणि वानर यावेत, हे लक्षणीय आहे. आपल्या प्राणिकथांतले हे दोन सर्वांत लबाड आणि म्हणूनच सर्वांत लाडके जीव.

‘जंबूकाका’ या नावाकडे भाषेचा अभ्यासक म्हणून पाहिले तर त्यात एक सुरेख श्लेष आढळतो. संस्कृतात कोल्ह्याला ‘जंबुक’ म्हणतात. पंचतंत्रातला हा शब्द मधोमध फोडला आणि शेवटचे अक्षर लांबवून दुप्पट केले की ‘जंबू काका’ होतो. राजाचा अमात्य, भेदनीतीत निपुण असा पोथीतला जंबुक एकदम वाड्यातला, आळीतला काका बनतो. मराठी गोष्टींतला कोल्होबा, वाघोबा यांच्यामागे हीच वृत्ती आहे. हिंस्र किंवा कपटी प्राण्याला आपण नात्याने बांधून घेतो, मग त्याची भीती राहत नाही आणि त्याची खोड काढता येते. पोथी आणि पडवी यांच्यातले अंतर या एका नावाने ओलांडले आहे.

इंग्रजी नोंदींत मात्र या जंबूचा ‘फॉक्स’ होतो. मराठीत कोल्हा म्हणजे ‘जॅकल’. ‘फॉक्स’साठी आपल्याकडे ‘खोकड’ हा शब्द आहे. ही गफलत नुसती प्राणिशास्त्रातली नाही. वैजनाथ पंडितांचा ‘हितोपदेश’ १८१५ मध्ये श्रीरामपूरला छापला गेला, त्यात पंचतंत्राच्या परंपरेतला जंबुक होता. १८२८ मध्ये सदाशिव काशिनाथ छत्रे यांची ‘इसापनीतिकथा’ आली आणि युरोपातला फॉक्स आपल्या कोल्ह्याच्या कातड्यात शिरला. तेव्हापासून शाळकरी मुलांच्या मनातला कोल्हा हा अर्धा विष्णुशर्म्याचा आणि अर्धा इसापचा आहे. द्राक्षे आंबट म्हणणारा आणि सिंहाचे कान भरणारा हे दोघे मुळात दोन वेगळ्या प्राण्यांचे, दोन वेगळ्या नीतिव्यवस्थांचे वंशज. इसापचा कोल्हा फसतो किंवा फसवतो आणि तात्पर्य मिळते. पंचतंत्रातला दमनक फसवतो, मित्राला ठार करवतो आणि पुन्हा मंत्री होतो. असा शेवट तात्पर्याला पचत नाही. जंबूकाकाला ‘फॉक्स’ म्हणून नोंदवताना आपण नकळत त्याच्यावर इसापचे तात्पर्य लादत असतो.

तेव्हा अंबाजोगाई ‘मोमिनाबाद’ या नावाने निजामाच्या राज्यात होती. पुण्याचा पडदा आमच्या भागापासून केवळ अंतराने दूर नव्हता, राज्य आणि शिक्षणाची भाषा यांनीही दूर होता. कोल्होबाची गोष्ट मात्र दोन्ही राज्यांत तीच होती. लोककथेला सरहद्द अडवीत नाही; चित्रपटाला वितरण लागते.

हा खेळ पुढे फुलला का नाही, याचे उत्तर गणितात आहे. बोलपटाच्या एका सेकंदाला २४ चौकटी लागतात. एक चित्र दोन चौकटी टिकवले तरी एका मिनिटाला ७२० चित्रे होतात आणि पाच मिनिटांच्या पटाला ३६०० चित्रे. अमेरिकेत मोठ्या कंपन्यांच्या मालकीच्या चित्रगृहसाखळ्या होत्या, प्रत्येक खेळाच्या कार्यक्रमात कार्टूनला ठरलेली जागा होती, म्हणून हा खर्च भरून निघे. येथे तशी जागा नव्हती. जी. के. गोखले यांच्यासारख्यांनी १९३० च्या दशकात धडपड केली. १९३९ चा ‘सुपरमॅन्स मिथ’ त्यांचा. पण एकेकट्या प्रयत्नांतून परंपरा उभी राहत नाही.

शासन गोष्ट सांगू लागते

लघुपटाला चित्रगृहात हमखास जागा मिळाली ती स्वातंत्र्यानंतर, आणि ती शासनाने घेतली. १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन स्थापन झाले. मुख्य चित्रपटापूर्वी त्याचे वार्तापट आणि माहितीपट दाखवणे चित्रगृहांना बंधनकारक झाले. १९५६ मध्ये तेथे कार्टून विभाग सुरू झाला. डिस्नीकडे ‘बॅम्बी’सारख्या चित्रपटांवर काम केलेले क्लेअर वीक्स हे तांत्रिक साहाय्याच्या योजनेखाली प्रशिक्षणासाठी आले. पुढे भारतीय सचेतनपटांचे अध्वर्यू ठरलेले राम मोहन (१९३१–२०१९) याच काळात तेथे घडले.

या विभागाने १९५७ मध्ये कथा निवडली ती न्यग्रोधमृग जातकाची : ‘द बॅनियन डिअर’. राजाच्या शिकारीसाठी हरणांचे दोन कळप पाळीपाळीने एकेक हरीण पाठवतात. एकदा पाळी गाभण हरिणीवर येते; तिच्याऐवजी न्यग्रोधमृग स्वतः मान पुढे करतो; राजा विरघळतो आणि सर्व प्राण्यांना अभय देतो. बुद्धपरिनिर्वाणाचे अडीच हजारावे वर्ष १९५६ मध्ये साजरे झाले होते, अशोकस्तंभ राजमुद्रेवर होता. अहिंसा आणि राजधर्म यांची ही कथा नव्या प्रजासत्ताकाला जवळची वाटली असल्यास नवल नाही. कथा थोर आहे, तिच्याविषयी आमच्या मनात आदरच आहे. पण जंबूकाकापासून न्यग्रोधमृगापर्यंतचा प्रवास हा लबाड प्राण्याकडून बोधिसत्त्वाकडे झालेला प्रवास आहे. गोष्ट पुन्हा कहाणी झाली.

मग १९७४ मध्ये ‘एक अनेक और एकता’ आला. विजया मुळे (१९२१–२०१९) यांचे दिग्दर्शन, भीमसेन यांचे सचेतनीकरण, सुमारे सात मिनिटांची लांबी. राष्ट्रीय पुरस्काराने आणि त्याहून अधिक दूरदर्शनने त्याला घरोघरी नेले. आमच्या पिढीतल्या पुष्कळांना तो पाठ आहे. बागेत मुले, त्यांची ताई, ‘अनेक’ म्हणजे काय हा प्रश्न, आणि उत्तरादाखल जाळ्यात अडकलेल्या पक्ष्यांची गोष्ट. पक्षी एकजुटीने जाळ्यासकट उडतात, उंदीर जाळे कुरतडतात. रेषा साधी, चाल ठेक्याची, मुलांचे प्रश्न खरे. भारतीय सचेतनपटांत लोककथेशी इतक्या प्रसन्नपणे खेळलेला दुसरा लघुपट दाखवणे कठीण आहे.

त्याच्या मूळ कथेशी तुलना केली तर मात्र एक महत्त्वाचा फरक दिसतो. हीच कथा पंचतंत्राच्या ‘मित्रसंप्राप्ती’त आणि हितोपदेशाच्या ‘मित्रलाभा’त आहे. तेथे कबुतरांचा राजा चित्रग्रीव आपल्या मित्राकडे, हिरण्यक उंदराकडे, थवा घेऊन जातो. हिरण्यक आधी राजाचे पाश तोडू लागतो तेव्हा चित्रग्रीव त्याला थांबवतो : आधी माझ्या आश्रितांचे तोड, दात शाबूत राहिले तर मग माझे. कथेचा गाभा आमच्या वाचनात येथे आहे. एकजूट हा जाळ्यासह उडण्याचा उपाय. सुटकेच्या वेळी आधी कोणाची पाळी, हा त्या कथेचा नैतिक प्रश्न.

१९७४ च्या लघुपटात एकजूट राहिली आणि पाळीचा प्रश्न गळून पडला. राजाच नाही तेव्हा राजाचे कर्तव्यही नाही. सगळे पक्षी एक झाले की सगळे एकदम सुटतात. बालप्रेक्षकांसाठी केलेले हे सुलभीकरण समजण्यासारखे आहे. तरी एकतेचा संदेश देणाऱ्या शासकीय माध्यमातून नेमका सत्ताधाऱ्याच्या जबाबदारीचा भाग गळावा, याकडे साहित्याच्या विद्यार्थ्याने डोळेझाक करू नये. दृष्टान्त तोच, दार्ष्टान्तिक बदलले आणि त्यापायी दृष्टान्ताचाही एक अवयव गेला. असे असूनही लघुपट आवडतो, कारण ताईच्या कथनात आजीचा सूर शिल्लक आहे. मुले मध्येच विचारतात, ती थांबते, समजावते, पुढे जाते. दार्ष्टान्तिक शासनाचे असले तरी सांगण्याची रीत घरची आहे.

जळालेल्या पोथ्या

मराठवाड्याच्या भूमीशी निगडित एक जुनी आख्यायिका ‘कथासरित्सागरा’त येते. प्रतिष्ठानच्या, म्हणजे पैठणच्या, सातवाहन राजाच्या दरबारातील गुणाढ्याने पैशाची भाषेत सात लाख श्लोकांची बृहत्कथा रचली. राजाने ती तुच्छ लेखली. गुणाढ्याने अरण्यात अग्निकुंड पेटवले आणि एकेक पान पशुपक्ष्यांना वाचून दाखवत अग्नीत टाकले. प्राणी चरणे विसरून ऐकत राहिले. राजाच्या मुदपाकखान्यात मांस नीरस येऊ लागले म्हणून चौकशी झाली, राजा धावत गेला, तोवर सहा लाख श्लोक भस्म झाले होते. हाती लागले ते एक लाख.

भारतात सुमारे १३०० मूकपट निर्माण झाले, त्यांतले अगदी मोजके उरले. ‘आगकाड्यांची मौज’ आज पाहता येत नाही. त्या काळच्या फिल्मचा नायट्रेटचा पाया आपोआप पेट घेणारा. शिवाय जुन्या रिळांतली चांदी काढून ती भंगारात विकली जात असे. जानेवारी २००३ मध्ये पुण्यात, जुन्या प्रभातच्याच आवारातील नायट्रेट फिल्मच्या कोठारास आग लागून शेकडो चित्रपटांची रिळे नष्ट झाली. आता फिल्म्स डिव्हिजन ही स्वतंत्र संस्थाही राहिलेली नाही; २०२२ मध्ये तिचे राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीनीकरण झाले. राजा धावत येतो तो नेहमी सहा लाख जळाल्यावर.

या हानीचा संबंध केवळ चित्रपटाच्या अभ्यासकांशी आहे असे आम्हाला वाटत नाही. एम. ए.च्या वर्गात लोकसाहित्य शिकवताना आम्ही विद्यार्थ्यांना शेणामेणाच्या घरांची गोष्ट सांगायला लावतो. पूर्वी दहा जणांकडून सहासात रूपे मिळत. आता बहुतेकांकडून एकच रूप मिळते, आणि ते पाठ्यपुस्तकातले किंवा मोबाइलवर पाहिलेल्या कार्टूनमधले असते. कावळ्याचा शेवट सर्वांचा सारखा आणि तात्पर्यही सारखे. एकेकाळी ज्या कलेने छापील कथेचे कुलूप उघडून दाखवले तीच आता नवे कुलूप घालते आहे, कारण आज पडद्यावर येणाऱ्या लोककथांत खेळ कमी आणि बोध फार असतो. रूपांतर ही लोककथेची विकृती नव्हे, तिचा श्वास आहे. तो अडला की कथा हत्तीखान्यातल्या वऱ्हाडासारखी होते : आकार शाबूत, चाल गेलेली.

म्हणून साहित्याच्या वर्गात या लघुपटांना जागा द्यावी असे आम्ही सुचवतो. ‘एक अनेक और एकता’ दाखवावा आणि लगेच चित्रग्रीवाची कथा वाचावी. काय राहिले, काय गळले, कोणासाठी गळले, हे विद्यार्थ्यांना विचारावे. कोल्हा आणि खोकड यांचा घोळ उलगडून छत्र्यांच्या इसापनीतीपर्यंत मागे जावे. आणि अखेरीस प्रत्येकाला घरी जाऊन आई, आजी, शेजारच्या काकू यांच्याकडून एक गोष्ट आणायला सांगावी. अट एवढीच की तिला तात्पर्य विचारायचे नाही. दार्ष्टान्तिक सुटले की गोष्ट कोठे जाते ते वर्गातच पाहता येईल. त्यासाठी ३६०० चित्रे काढावी लागत नाहीत.